वाटाण्याचा पिक्चर

मावशींच्या दिवाणखान्यातल्या सगळ्या खुर्च्यांची तोंडं टीव्हीकडे होती, एक सोडून. ती लाल प्लास्टिकची खुर्ची बरोबर टीव्हीखाली भिंतीला टेकवून ठेवलेली असायची, आणि तिच्यावर गुडघ्यापर्यंतचं लुगडं नेसलेल्या मावशी टीव्हीकडे पाठ करून बसायच्या. वर पिक्चर चालू, आणि खाली मावशी पिक्चर बघणाऱ्यांचे चेहरे बघतायत. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, म्हातारीच्या डोळ्यांना उजेड सहन होत नसेल.

"मावशी, इकडे या ना, इथून छान दिसतं," मी म्हटलं.

"मना दिसतंय," त्या म्हणाल्या. "तू तुजा बग."

मी तेव्हा भिवंडीजवळच्या वळ गावातल्या एका गोदामाच्या ऑफिसात नुकतीच लागले होते. माझं गाव अंबाडीच्या पुढे, आत. रोज जाऊन-येऊन जीव नकोसा व्हायला लागला, म्हणून मावशींच्या घरातली वरची खोली भाड्याने घेतली. त्यांच्या शेताचं इतरांच्या शेतांसारखंच गोदाम झालं होतं. त्या पैशांत गुलाबी रंगाचं तीन मजली घर उभं राहिलं होतं. मावशींचे यजमान, ज्यांना सगळे बाबा म्हणत, ते मात्र दिवसभर दारापुढच्या ओट्यावर बसून जुनं जाळं विणत. खाडीत आता जाळं टाकून काय लागणार, हे लहान पोरालाही ठाऊक होतं. पण बाबांचं जाळं कायम तयार असायचं. कशासाठी, हे विचारायची माझी कधी हिंमत झाली नाही.

मावशी धवलारीण होत्या. म्हणजे इथल्या आगरी लग्नांत हळदीपासून पाठवणीपर्यंत सगळे विधी ज्या बाईच्या गाण्यावर होतात, ती बाई. त्यांना असे धवले, म्हणजे लग्नाची गाणी, किती येत होते देव जाणे. हळदीला डीजेची भिंत उभी असायची, पोरं छाती फुटेल इतक्या आवाजात नाचत असायची. मावशी मांडवात येऊन एका पाटावर बसल्या की कुणीतरी जाऊन तो आवाज बंद करायचं. मग त्या कानावर हात ठेवून सुरू करायच्या. गाणं घरातल्या सगळ्यांना हळदीला बोलवायचं: चुलीला, उंबऱ्याला, मुसळाला, मेलेल्या आज्यांना. मला त्यातला निम्माच अर्थ कळायचा, तरी अंगावर सरसरून काटा यायचा. एवढ्याशा बाईतून एवढा आवाज येतो कुठून, म्हणून मी नुसती बघत राहायची.

आणि या बाईला प्रेमाच्या पिक्चरचं वेड होतं.

साध्यासुध्या प्रेमाच्या नव्हे. डोंगरावर नाचणारी, विमानतळावर धावणारी प्रेमं त्यांच्या खिजगणतीत नव्हती. लग्नाशी संपणारा पिक्चर त्या बघतच नसत. त्यांना हवे असायचे ते अलीकडचे पिक्चर, ज्यात दोघं कुठल्यातरी शहरात भाड्याच्या घरात राहतात, दोघं नोकरीला जातात, गॅस संपतो, फोनवर भांडतात, आणि शेवटी एकत्र राहतील की नाही याची कुणाला खात्री नसते. असला पिक्चर फोनवरून टीव्हीवर लावून द्यायचं काम माझ्याकडे आलं. ही माणसं बहुतेक वेळा लग्न न करताच एकत्र राहत. मला वाटलं, मावशी कानावर हात ठेवतील.

"लगीन न करता ऱ्हातात म्हनजे धवलारनीच्या पोटावर पाय," त्या शांतपणे म्हणाल्या. "पन बगायला पायजे."

"का पण, मावशी? एवढी लग्नं लावलीत. तुम्हाला काय शिकायचंय या पोरांकडून?"

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच काहीतरी खुळ्यासारखं विचारलंय.

"मी हलद लावते, गानी बोलते, पोरीला गाडीत बसवते नि घरी येते. हलद उतरल्यावर फुडं काय हुतं, ते मना कोन सांगतं? कोनी न्हाय सांगत. भेटली का बोलतात, बरं हाय. समदी बरी हायत." त्यांनी टीव्हीकडे बोट केलं. "ही खरं सांगतात."

उभं आयुष्य लग्नं लावण्यात गेलेल्या बाईने, लग्न म्हणजे काय ते मला माहीत नाही, असं सरळ म्हणावं, याचा मला अचंबा वाटला. आमच्याकडे तर नुकतं लग्न झालेली पोरगीसुद्धा सल्ले द्यायला लागते.

खरं सांगतात म्हणजे सगळेच खरं सांगतात असं नाही. त्याची मावशींची स्वतःची कसोटी होती. पहिल्यांदा बघताना त्या आमच्यात बसत आणि मध्येच रिमोटने पिक्चर थांबवत. "यांच्या घरात पानी कवा येतं?" पिक्चरमध्ये ते कुठेच दाखवलेलं नसायचं. "ही भांडी कोन घासनार?" तेही नाही. "यो रुसून गेला, तवा जेवला व्हता का?" उत्तर मिळालं नाही की पिक्चर खोटा. खालच्या खोलीत पॉवरलूमवर काम करणारे एक चाचा भाड्याने राहत. सुट्टीच्या दिवशी तेही दारात टेकून बघायचे. एकदा पिक्चरमधला हिरो खिडकीत उभं राहून फारच वेळ विचार करत होता. चाचांना राहवलं नाही. "अम्मा, इस आदमी की ड्युटी नहीं है क्या?" त्यावर मावशी इतक्या हसल्या की पदर तोंडात धरावा लागला. पुढे ड्युटी नसलेले हिरो आमच्या घरात बादच झाले.

एका गोष्टीवर मात्र त्यांचं एकाही पिक्चरशी जमलं नाही. "समदं खरं दाखवतात, पन भांडन खोटं," त्या म्हणायच्या. "एक बोलतो, तवर दुसरा थांबतो. मंग दुसरा बोलतो, तवर पयला थांबतो. ग्रामसभा हाय का? भांडताना दोगं एकदम बोलतात, नि दोगांना बी आयकायला येतं."

आवडलेला पिक्चर त्या परत परत बघायच्या. तो पाठ झाला की मग ती लाल खुर्ची.

त्या खुर्चीची रीत मी येण्याआधीपासूनची होती. धवलारणीला लग्नाला बोलवायचं तर सुपारी न्यायची, विड्याच्या पानावर ठेवून पुढे करायची. तिने उचलली की ती येणार. मावशींनी काय केलं, तर सुपारी लगेच उचलायचीच नाही असं ठरवलं. स्टीलच्या ताटलीत ती तशीच पानावर ठेवायच्या आणि म्हणायच्या, "पोराला नि पोरीला घेऊन या. पिक्चर बगू. मंग सांगते." आधी गावात हसाहस झाली, मग चिडचिड. पण त्यांच्यासारखं गाणारं आसपास कुणी नव्हतं. मुकाट्याने जोडपी यायला लागली. नवरा-नवरी सोफ्यावर, वर पिक्चर, खाली मावशी, आणि फ्रिजवर ताटलीत सुपारी.

पहिल्या पहिल्यांदा त्या एक चांगला हसता-रडता पिक्चर लावायच्या. आणि तिथेच त्यांची मोठी चूक झाली. मानकोलीकडचं एक जोडपं आलं होतं. ही हसली की तो हसायचा, तो हळवा झाला की हिच्या डोळ्यांत पाणी. मावशींनी पिक्चर संपायच्या आत सुपारी उचलली. एवढं गोड जोडपं त्यांनी पाहिलंच नव्हतं म्हणे. वर्ष व्हायच्या आत पोरगी माहेरी परत आली ती कायमची.

मावशींना कुणी एका शब्दाने बोललं नव्हतं. लग्न मोडलं तर गाणाऱ्या बाईला कोण विचारतं? पण त्या स्वतः उठून त्या पोरीच्या घरी गेल्या. मी सोबत होते. दारातच उभ्या राहिल्या, आत या म्हटलं तरी गेल्या नाहीत. "पोरी, मी चुकली," त्या म्हणाल्या. "मी तुमाला हसताना बगितली. हसताना समदीच गोड दिसतात. मी तुमाला कंटालताना बगायला पायजे व्हती." ती पोरगी मावशींच्या गळ्यात पडून रडली. तिला तोपर्यंत सगळ्यांनी तिचंच काय चुकलं ते सांगितलं होतं. मी दोन पावलं मागे उभी होते. माणसाने असं दुसऱ्याच्या दारात जाऊन बोलावं, हे मी तोवर कधी पाहिलं नव्हतं. मला मावशींच्या पाया पडावंसं वाटलं. पडले नाही. त्यांनी हाकलून दिलं असतं.

घरी आल्यावर मावशी म्हणाल्या, "आता असा पिक्चर शोद, का बगताना मानूस कंटालला पायजे."

असा पिक्चर शोधणं अवघड असेल, असं तुम्हाला वाटत असेल तर तुम्ही असले पिक्चर बघितलेले नाहीत. मला लगेच सापडला. त्यात भाड्याच्या घरात राहणारं एक जोडपं असतं आणि ते हळूहळू एकमेकांशी बोलणं विसरतं. एवढंच. गाणं नाही, मारामारी नाही, पार्श्वसंगीतसुद्धा नाही. मध्ये तर बाई स्वयंपाकघरात एकटी बसून वाटाणे सोलते. सोलते, सोलते, सोलतच राहते. आपण मनात म्हणतो, आता काहीतरी होईल. काही होत नाही. ती पुढची शेंग उचलते.

मावशी खूश झाल्या. "यो खरा," म्हणाल्या. तेव्हापासून त्याचं नाव वाटाण्याचा पिक्चर पडलं. आसपासच्या गावांत लग्न ठरलं की लोक विचारू लागले, "वाटाना बगून आले का?"

मावशी त्या कंटाळ्यात काय शोधतात, हे कुणाला माहीत नव्हतं, म्हणून अफवांना ऊत आला होता. जांभई देणाऱ्याला त्या नापास करतात, असं कुणीतरी उठवलं, तर पोरं तासभर ओठ घट्ट मिटून बसायला लागली. खरं कारण त्यांनी फक्त एकदा सांगितलं, तेही मी खनपटीलाच बसले म्हणून. एक शिकलेला, देखणा मुलगा आला होता. त्याने अख्खा पिक्चर आपल्या होणाऱ्या बायकोला समजावून सांगितला. ती आता दुखावली आहे, हे वाटाणे म्हणजे तिचं एकटेपण आहे, वगैरे. मावशींनी सुपारी तशीच पानासकट परत दिली.

"पण तो बरोबर सांगत होता, मावशी."

"तिला डोले न्हायत का?" त्या म्हणाल्या आणि बोंबील भाजायला निघून गेल्या.

हे सगळं मी मजेने बघत होते, कारण सोफ्यावर मला बसायचं नव्हतं. मग माझंच लग्न ठरलं.

तो मानकोलीच्या एका गोदामात शिफ्ट सुपरवायझर होता. आमच्याच भागातला. अंबाडीहून येणाऱ्या जीपमध्ये ओळख झाली, आणि पुढे ते वाढत गेलं. दोन्ही घरांतून विरोध नाही, जातीचा घोळ नाही. सगळे म्हणायचे, नशीब काढलंस. आणि मी आतल्या आत घाबरून गेले होते. आमच्यात काही होतच नव्हतं. दिवसभरात त्याचा मेसेज यायचा, "जेवलीस?" मी लिहायची, "हो. तू?" तो लिहायचा, "हो." झालं आमचं प्रेम. एवढे पिक्चर बघून माझी नजर मावशींसारखी झाली होती. मला वाटायचं, हे तर वाटाण्याच्या पिक्चरचं शेवटचं दृश्य आहे, आणि आमचं अजून लग्नही व्हायचंय. शिवाय एक गोष्ट घशात अडकलेली होती. लग्नानंतर मी नोकरी सोडून त्याच्या गावी राहायला जाणार, असं त्याची आई येता-जाता गृहीत धरून बोलायची. तो ऐकायचा आणि काही बोलायचा नाही. मीही विचारलं नाही. विचारलं आणि उत्तर हो आलं तर?

आमच्यात धवलारीण लागत नाही. आईने तर स्पष्ट सांगितलं, आपल्याकडे ही पद्धत नाही. तरी मी सुपारी आणली. मनाशी ठरवलं होतं, मावशींनी ती उचलली नाही तर मी हे लग्न करणार नाही. हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं.

रविवारी दुपारी तो आला. रात्रपाळी करून, त्यावर सकाळची अर्धी शिफ्ट कुणाच्या तरी बदली करून, तसाच. डोळे लाल झाले होते. बाबांनी ओट्यावरून जाळ्यातली मान वर करून त्याला पाहिलं आणि परत खाली घातली. तो सोफ्यावर बसला, मी बसले. फ्रिजवर ताटली ठेवली. मावशी लाल खुर्चीत बसल्या, हात मांडीवर ठेवून, आमच्याकडे तोंड करून. मला त्यांच्या त्या नजरेची पहिल्यांदाच भीती वाटली. ज्या बाईबरोबर मी रोज सुकट-भाकर खात होते, ती मला ओळखतच नाही असं वाटलं.

पिक्चर सुरू झाला. बाई वाटाणे सोलायला बसायच्या आधीच तो झोपला.

साधं डुलकी घेणं नव्हे. मान मागे, तोंड उघडं, अगदी घोरत. मी कोपराने ढोसलं, त्याने कूस बदलली. लाजेने माझे कान तापले. समोर मावशी मला बघत होत्या, त्याला बघत होत्या, पुन्हा मला. वर ती बाई शेंगा सोलत होती. आणि मला त्या क्षणी खरोखर वाटलं, संपलं. पिक्चरमधली ती बाई म्हणजे मी, तो माणूस म्हणजे हा, आणि अजून एवढी मोठी टोपली सोलायची आहे.

तेवढ्यात लाइट गेली.

भिवंडीत लाइट जाण्याचं कुणाला काही वाटत नाही. पण पंखा बंद झाला आणि उकाड्याने तो जागा झाला. डोळे चोळत म्हणाला, "संपला?"

"तुला काय करायचंय? तू झोपा काढ."

"अगं, डबल ड्युटी झाली…"

"मग यायचं नव्हतंस!"

"तू बोलवलंस म्हणून आलो ना!"

"उपकार केलेस! सगळीकडे तू नुसता येतोस आणि बसतोस. तुझी आई म्हणते नोकरी सोड, तू बसतोस…"

"कोन म्हनालं नोकरी सोड?" त्याची गावची बोली बाहेर आली. "मी म्हनालो? मी कदी म्हनालो?"

"तू कधी काही म्हणतच नाहीस!"

"आनि तू विचारतेस कदी? मना वाटलं, तुलाच गावाकडं जायचंय, तुज्या आईपाशी. म्हनून मी अंबाडीच्या गोदामात बदली मागितली…"

"बदली? मला न विचारता?"

"तू मना विचारलंस, हितं परीक्षेला बसवताना? एवढ्या दिवसांत एकदा तरी नीट बोललीस माज्याशी? नुसती बगत असतेस. मी कसा बसतो, कसा बोलतो. मना भ्या वाटतं तुजं! मी काय पिक्चर हाय?"

"मग मला भीती वाटत नाही? मला वाटतंय मी सगळं सोडून तिकडे येईन आणि तू नुसतं जेवलीस का विचारशील!"

"मंग काय विचारू? सांग ना! शिकव! मना न्हाय येत!"

हे मी आत्ता ओळीने लिहितेय. तेव्हा आम्ही दोघं एकदम बोलत होतो. मी उभी राहिले होते, तोही उभा राहिला होता, घामाने दोघं निथळत होतो. माझा आवाज रडका झाला होता आणि त्याचा त्याहून जास्त. त्याचा असा आवाज मी पहिल्यांदा ऐकत होते. त्याने म्हटलेला शब्द न् शब्द मला ऐकू येत होता.

मावशी समोर आहेत हे मी साफ विसरले होते. फरशीवर खुर्ची ओढल्याचा आवाज झाला तेव्हा भानावर आले. मावशींनी लाल खुर्ची उचलून फिरवली होती. त्या आमच्याकडे पाठ करून, बंद पडलेल्या काळ्या टीव्हीकडे तोंड करून बसल्या होत्या.

एवढ्या जोडप्यांना त्यांनी त्या खुर्चीतून बघितलं, पण खुर्ची फिरवल्याचं मी कधी पाहिलं नव्हतं. मला वाटलं, आमचं तोंडही बघायची त्यांची इच्छा राहिली नाही. तो पण थांबला. मी फ्रिजकडे पाहिलं. ताटलीत नुसतं पान होतं.

मग अडकित्त्याचा आवाज आला. कट्.

मावशी आमच्याकडे पाठ करूनच सुपारी फोडत होत्या. आमच्यात सुपारी फुटली म्हणजे लग्न पक्कं. इथे बहुधा तसंच असावं, मी विचारलं नाही. मी फक्त त्या वाकलेल्या पाठीकडे बघत उभी होते. जगात बघण्यासारखं जे काही असेल ते बघायचं सोडत नाही अशी ही बाई, आणि आमचं बोलणं आमचंच राहावं म्हणून काळ्या काचेकडे तोंड करून बसली होती. एवढा मान मला तोवर कुणी दिला नव्हता. मला रडू आलं, आणि मी ते लपवलं नाही. त्याने खिशातून गोदामाचा मळका रुमाल काढून माझ्यापुढे धरला. तो रुमाल अजूनही माझ्याकडे आहे, धुऊनसुद्धा त्याचा ग्रीसचा डाग गेलेला नाही.

लाइट आली. पंखा फिरला, टीव्ही उजळला. त्याला वाटलं, परीक्षा अजून व्हायचीच आहे. रिमोट हातात घेऊन बिचारा म्हणाला, "मावशी, अर्धा ऱ्हायला. आता न्हाय झोपत मी. परत लावू?"

मावशी उठल्या. त्याच्या हातावर सुपारीचं एक खांड ठेवलं, माझ्या हातावर एक ठेवलं.

"नको," म्हणाल्या. "ऱ्हायलेला वाटाना घरी जाऊन सोला. दोगं बसून."